लिंबू-संत्र्याचे कर्ड आणि साठवणीचे शास्त्र



‘कर्ड’ हा शब्द कानांवर पडला, की आपल्या डोळ्यांपुढे दह्याचे भांडे उभे राहते. आज ज्या पदार्थाचा विचार करावयाचा आहे, त्याचा दह्याशी काहीही संबंध नाही. लिंबाचा रस, साखर, अंडी आणि लोणी हे चार जिन्नस मंद उष्णतेवर एकत्र शिजवले, म्हणजे मधासारखा दाट, पिवळाधमक आणि आंबटगोड असा जो पदार्थ तयार होतो, त्याला इंग्रजीत ‘लेमन कर्ड’ असे म्हणतात. पावाच्या तुकड्याला लावण्यासाठी, केकच्या दोन थरांमध्ये भरण्यासाठी अथवा बिस्किटाबरोबर खाण्यासाठी त्याचा उपयोग होतो. संत्री, मोसंबी, पपनस अशा कोणत्याही लिंबूवर्गीय फळापासून थोड्याफार फरकाने तो करता येतो.

फळप्रक्रियेचे शिक्षण घेऊ इच्छिणाऱ्या गृहिणी आणि बचत गटांच्या सभासद भगिनी मुरंबा, जॅम, मार्मालेड, स्क्वॅश यांच्या जोडीने या पदार्थाचीही चौकशी करतात. ते स्वाभाविक आहे. करावयास तो सोपा आहे, दिसावयास आकर्षक आहे आणि रुचीला तर फारच उत्तम आहे. परंतु जॅमच्याच बाटलीत भरला जात असल्यामुळे तो जॅमसारखाच टिकेल, असा समज सहज होऊन बसतो. हा समज चुकीचा आहे आणि तो अपायकारकही ठरू शकतो. म्हणून कर्ड कसे करावे हे पाहत असतानाच, ते किती दिवस ठेवावे आणि का, हेही नीट समजून घेतले पाहिजे.

इंग्लंडमधील एक घरगुती पदार्थ

हा पदार्थ मूळचा इंग्लंडमधील गृहिणींचा. एकोणिसाव्या शतकात तेथे तो ‘लेमन चीज’ या नावानेही ओळखला जात असे, आणि लहान लहान पेस्ट्रीच्या वाट्यांत भरण्यासाठी मुख्यतः त्याचा उपयोग होई. १८६१ साली प्रसिद्ध झालेल्या इझाबेला बीटन यांच्या गृहव्यवस्थेवरील गाजलेल्या ग्रंथात लोणी, साखर, अंडी आणि लिंबू यांच्या अशाच मिश्रणाची कृती दिलेली असून, कोरड्या जागी ठेवल्यास ते तीन महिने टिकते, असेही तेथे म्हटले आहे.

ही मुदत आज कोणीही प्रमाण मानू नये. ज्या काळात ती लिहिली गेली, त्या काळी अन्नातून होणाऱ्या विषबाधेमागील जीवाणूंचे ज्ञानच उपलब्ध नव्हते. शिवाय इंग्लंडमधील थंड कोठीघर आणि विदर्भातील मे महिन्याचे स्वयंपाकघर यांत फार मोठे अंतर आहे. जेथे पारा ४५ अंश सेल्सिअसच्या पुढे जातो, तेथे अंडे आणि लोणी घातलेला पदार्थ फळीवर ठेवून देणे म्हणजे आजाराला निमंत्रण देणे होय.

परदेशात आणि आता आपल्याकडील मोठ्या दुकानांतही लेमन कर्डच्या बंद बाटल्या मिळतात व त्या काही महिने चांगल्या राहतात. परंतु त्या कारखान्यात तयार झालेल्या असतात. त्यांत साखरेचे प्रमाण, आम्लता आणि पिष्ट यांचा हिशेब काटेकोरपणे केलेला असतो आणि यंत्राच्या साहाय्याने त्या निर्जंतुक केलेल्या असतात. घरच्या पातेल्यात केलेल्या कर्डची त्यांच्याशी तुलना होऊ शकत नाही.

फळाची निवड

महाराष्ट्र हे लिंबूवर्गीय फळांचे आगर आहे. नागपूर आणि अमरावती जिल्ह्यांतील काटोल, नरखेड, वरूड, मोर्शी हा पट्टा संत्र्यासाठी प्रसिद्ध असून, नागपुरी संत्र्याला २०१४ साली भौगोलिक निर्देशांक मिळाला. जालन्याची मोसंबी आणि अहिल्यानगर जिल्ह्यातील श्रीगोंद्याची कागदी लिंबे सर्वत्र जातात. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाची ‘साई सरबती’ आणि परभणीच्या कृषी विद्यापीठाच्या ‘विक्रम’ व ‘प्रमालिनी’ या लिंबाच्या जाती शेतकऱ्यांच्या परिचयाच्या आहेत.

कर्डसाठी सर्वांत सोयीचे फळ म्हणजे आपले कागदी लिंबू. त्याच्या रसात सुमारे सहा ते सात टक्के सायट्रिक आम्ल असते. हे आम्ल पदार्थाला चव देते, अंड्यातील प्रथिने मऊपणे घट्ट होण्यास साहाय्य करते आणि अनेक घातक जीवाणूंच्या वाढीलाही अडथळा आणते. संत्र्याच्या रसात आम्लाचे प्रमाण एक टक्क्याच्याही आत असते आणि मोसंबीत तर ते त्याहूनही कमी असते. म्हणून केवळ संत्र्याचे अथवा केवळ मोसंबीचे कर्ड करू नये. त्यात लिंबाचा रस घालावाच लागतो.

पावसाळ्यात लिंबे स्वस्त असतात आणि उन्हाळ्यात त्यांचे भाव चढतात, हा दरवर्षीचा अनुभव आहे. संत्र्यांचेही दोन हंगाम असतात. आंबिया बहाराची फळे साधारणपणे ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये आणि मृग बहाराची फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये बाजारात येतात. ज्या वेळी फळ मुबलक आणि स्वस्त असेल, त्या वेळी पदार्थ करणे हे केव्हाही शहाणपणाचे. आकाराने लहान म्हणून बाजारात भाव न मिळालेली फळे कर्डला चालतात. मात्र ती ताजी, टणक आणि निरोगी असावीत. बुरशी आलेले, मऊ पडलेले अथवा जमिनीवर पडून फुटलेले फळ ‘रस तर काढायचा आहे’ या सबबीखाली वापरू नये.

साहित्य व प्रमाण

लिंबाच्या कर्डसाठी पुढील साहित्य घ्यावे :

लिंबाचा गाळलेला रस १२० मिलीलिटर (मध्यम आकाराची सात ते आठ लिंबे),
साखर २०० ग्रॅम,
अंडी ३,
बिनमिठाचे लोणी १०० ग्रॅम,
दोन लिंबांच्या सालीचा बारीक कीस,
चिमूटभर मीठ.

एवढ्या साहित्यात सुमारे अर्धा किलो कर्ड तयार होते. चार-पाच माणसांच्या कुटुंबाला ते पुरेसे आहे. पहिल्या खेपेस याच्या निम्मेच करून पाहावे.

साहित्याविषयी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. अंडी ताजी आणि न तडकलेली असावीत. थंड पाण्याच्या भांड्यात सोडल्यावर ताजे अंडे तळाशी आडवे बसते, शिळे होत आलेले उभे राहते आणि फार जुने झालेले वर तरंगते. प्रत्येक अंडे आधी वेगळ्या वाटीत फोडून, खात्री करून मगच मिश्रणात घालावे. घरचे लोणी वापरावयाचे असल्यास ते थंड पाण्याने दोन-तीन वेळा धुऊन त्यातील ताक पूर्णपणे काढून टाकावे. ताकाचा अंश राहिल्यास लोणी लवकर आंबते. लोण्याऐवजी तूप घातल्यास कर्ड थंड झाल्यावर रवाळ लागते, म्हणून तूप टाळलेले बरे.

फळे कोमट पाण्याने चोळून धुवावीत. बाजारात येणाऱ्या संत्र्यांवर पुष्कळदा मेणाचा पातळ थर दिलेला असतो, तो निघून जाणे आवश्यक आहे. साल किसताना बारीक किसणी घेऊन फक्त वरचा रंगीत पापुद्रा किसावा. सुगंधी तेल याच पापुद्र्यात असते. त्याखालील पांढरा भाग कडू असतो. तो किसात आल्यास सगळा पदार्थ कडवट होतो. कागदी लिंबाची साल फार पातळ असल्यामुळे हात हलकाच चालवावा.

भांडे स्टेनलेस स्टीलचे, काचेचे अथवा न टवकलेल्या एनॅमलचे असावे. ॲल्युमिनियमच्या अथवा कल्हई उडालेल्या पितळेच्या भांड्यात लिंबाचा रस शिजवू नये. आम्लाची धातूवर क्रिया होऊन पदार्थाला धातूची चव येते, रंग बिघडतो आणि धातूचा अंश पोटात जातो.

कृती

एका मोठ्या पातेल्यात दोन-तीन बोटे पाणी घेऊन ते मंद उकळत ठेवावे. त्यावर बसेल असे दुसरे पातेले घ्यावे. मात्र वरच्या पातेल्याचा तळ पाण्याला टेकता कामा नये. या पातेल्यातील मिश्रणाला विस्तवाची धग थेट लागत नाही, वाफेची उष्णता मिळते. कर्डचे यश मुख्यतः यावर अवलंबून आहे.

वरच्या पातेल्यात, ते विस्तवावर ठेवण्यापूर्वीच, अंडी आणि साखर एकत्र फेटावीत. अंड्याच्या पिवळ्या बलकावर साखर नुसती टाकून ठेवू नये. तिने बलकातील ओलावा शोषला जाऊन कठीण गुठळ्या बनतात. साखर पडताच ढवळण्यास आरंभ करावा. मिश्रण एकजीव झाल्यावर लिंबाचा रस थोडा थोडा करून मिसळावा, मीठ व सालीचा कीस घालावा आणि मग पातेले उकळत्या पाण्यावर ठेवावे.

आता लाकडी उलथण्याने अथवा रबरी पळीने मिश्रण सतत हलवत राहावे. तळ आणि कडा यांकडे विशेष लक्ष असावे, कारण अंडे तेथेच प्रथम शिजते. आरंभी मिश्रण पाण्यासारखे पातळ असते आणि वर फेस असतो. आठ-दहा मिनिटांनी फेस विरतो, मिश्रणाला तकाकी येते आणि ते दाटू लागते. सर्वसाधारणपणे दहा ते पंधरा मिनिटांत ते तयार होते.

तयार झाल्याची खूण अशी : उलथणे बाहेर काढून त्याच्या पाठीवरील मिश्रणावरून बोट फिरवावे. बोटाने पडलेली वाट तशीच राहिली, दोन्ही बाजूंचे मिश्रण ओघळून एकत्र आले नाही, तर कर्ड झाले असे समजावे. स्वयंपाकाचा तापमापक असल्यास उत्तमच. मिश्रणाचे तापमान ७६ ते ७७ अंश सेल्सिअसपर्यंत पोहोचले पाहिजे. ७१ अंशांच्या वर तापमान गेले, म्हणजे अंड्यातून येणाऱ्या साल्मोनेला या जीवाणूची भीती उरत नाही. मात्र ८० अंशांच्या पुढे ते जाऊ देऊ नये. मिश्रणाला उकळी फुटू दिल्यास अंड्यातील प्रथिने एकमेकांना घट्ट बिलगतात, त्यांतील पाणी बाहेर पडते आणि कर्ड फाटते. विक्रीसाठी कर्ड करणाऱ्यांनी तरी केवळ बोटाच्या खुणेवर विसंबून न राहता तापमापक बाळगावाच.

पातेले खाली उतरवून लोण्याचे लहान लहान तुकडे एकेक करून घालावेत आणि प्रत्येक तुकडा विरघळल्यावर पुढचा घालावा. अंड्याच्या बलकात लेसिथिन नावाचे द्रव्य असते. त्याच्या योगाने लोण्यातील स्निग्धांश आणि रसातील पाणी एकमेकांत मिसळून राहतात. शेवटी मिश्रण गरम असतानाच स्टीलच्या बारीक गाळणीतून गाळून घ्यावे. सालीचा कीस आणि शिजलेल्या अंड्याचे कण गाळणीत राहतात, आणि खाली मऊसूत कर्ड उतरते.

गरम असताना ते काहीसे पातळ वाटेल. त्याने बिचकू नये. थंड झाल्यावर लोणी गोठते आणि कर्ड पावावर पसरण्याइतके दाट होते. कडेने थोडेसे फाटू लागले असे दिसताच पातेले थंड पाण्याच्या परातीत ठेवून जोराने फेटावे आणि मग गाळावे. बहुधा ते सावरते. पूर्ण गोळे झाल्यास मात्र त्यावर इलाज नाही. पीठ वगैरे घालून ते सुधारण्याचा खटाटोप करू नये.

संत्र्याचे कर्ड

संत्र्यासाठी रसाचे प्रमाण बदलावे लागते. संत्र्याचा ताजा रस १०० मिलीलिटर, लिंबाचा रस ५० मिलीलिटर, साखर १५० ग्रॅम, तीन अंडी आणि आणखी एका अंड्याचा पिवळा बलक, लोणी ७५ ग्रॅम आणि एका संत्र्याच्या सालीचा कीस असे साहित्य घ्यावे. कृती तीच आहे.

संत्र्याचा रस काढताना बिया चिरडल्या जाणार नाहीत, याची काळजी घ्यावी. संत्र्याच्या बियांत आणि पडद्यांत असलेल्या घटकांपासून लिमोनिन हे कडू द्रव्य तयार होते. रस काढताच त्याची चव जाणवत नाही. रस ठेवला असता हळूहळू कडवटपणा वाढतो. नागपुरी संत्र्याचा रस ज्यांनी काढून ठेवला असेल, त्यांना हा अनुभव निश्चित आला असेल. म्हणून रस काढल्यावर लगेच कर्ड करावे. मोसंबीचे कर्डही याच प्रमाणाने होते. तिचा स्वाद मुळातच सौम्य असल्यामुळे सालीचा कीस थोडा अधिक घालावा.

टिकाऊ आणि नाशवंत

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. आपल्या आजीच्या कोठीतील लिंबाचे लोणचे वर्षानुवर्षे टिकत असे आणि जितके मुरे तितके ते अधिक रुचकर लागे. मुरंबा वर्षभर राही. मग त्याच लिंबाचे, तीच साखर घातलेले कर्ड का टिकू नये?

कोणताही पदार्थ टिकतो, तो चार गोष्टींच्या आधारावर. पहिली मीठ वा साखर, दुसरी आम्ल, तिसरी उष्णता आणि चौथी पदार्थात जंतूंना उपलब्ध असलेले पाणी कमी असणे. लोणच्यात भरपूर मीठ आणि भरपूर आम्ल असते. मुरंबा आणि जॅम यांत विद्राव्य घन पदार्थांचे, म्हणजे मुख्यतः साखरेचे, प्रमाण सुमारे ६५ ते ६८ टक्क्यांपर्यंत नेलेले असते. साखर पाणी धरून ठेवते आणि जंतूंना ते मिळू देत नाही. आपल्याकडील सुधारस हाही लिंबाचाच पदार्थ. साखरेच्या पाकात लिंबाचा रस, वेलची, केशर घालून तो करतात. पाक दाट असेल तर सुधारसही काही दिवस चांगला राहतो, कारण त्यात साखर आणि आम्ल यांवाचून नासण्यासारखे फारसे काही नसते.

कर्डचा हिशेब करून पाहा. १२० ग्रॅम रस, २०० ग्रॅम साखर, सुमारे १५० ग्रॅम अंडी आणि १०० ग्रॅम लोणी, अशी बेरीज ५७० ग्रॅमच्या घरात जाते. त्यात साखर जेमतेम ३५ टक्के आहे. शिजताना थोडे पाणी आटले, तरी ती ४० टक्क्यांच्या पुढे जात नाही. म्हणजे जॅमला लागणाऱ्या प्रमाणाच्या ती पुष्कळच खाली राहते. उलट अंडी आणि लोणी यांमुळे जंतूंना पोषक असे प्रथिनयुक्त अन्न त्यात भरपूर आहे. साखर अधिक घालून किंवा अधिक वेळ आटवून हे प्रमाण वाढवावे म्हटले, तर कर्ड फाटते अथवा अतिगोड होते.

राहिला आम्लाचा आधार. लिंबाचे आम्ल पुष्कळ रोगजंतूंना आवरते, हे खरे. परंतु बुरशी आणि किण्व यांना आम्लाची तितकीशी भीती नसते. फ्रिजबाहेर ठेवलेल्या कर्डवर त्यांची वाढ होते, ते आंबते आणि लोणी खवट होते. संत्र्याच्या व मोसंबीच्या कर्डमध्ये तर आम्लाचा हा आधारही दुबळा असतो. उष्णतेचे म्हणाल, तर ७७ अंशांचे तापमान जिवंत जीवाणू मारते. त्यांचे बीजाणू त्याने मरत नाहीत. जी उष्णता त्यांना मारील, ती कर्डचेही ऑम्लेट करून टाकील.

तात्पर्य, कर्ड हा नाशवंत पदार्थ आहे. श्रीखंडाला किंवा बासुंदीला आपण जशी वागणूक देतो, तशीच ती कर्डलाही दिली पाहिजे. जॅमच्या बाटलीत भरल्याने त्याचा स्वभाव बदलत नाही.

जपणूक

कर्डसाठी लहान काचेच्या बाटल्या घ्याव्यात. साबणाच्या पाण्याने धुऊन त्या दहा मिनिटे पाण्यात उकळाव्यात आणि स्वच्छ फडक्यावर पालथ्या घालून कोरड्या कराव्यात. झाकणेही तशीच निर्जंतुक करावीत. गाळलेले कर्ड गरम असतानाच बाटलीत भरावे, झाकण लावावे, कोमट होऊ द्यावे आणि लगेच फ्रिजमध्ये ठेवावे. रात्रभर ओट्यावर राहू देऊ नये.

फ्रिजचे तापमान ४ ते ५ अंश सेल्सिअस असेल, तर घरगुती कर्ड आठ ते दहा दिवसांत संपवावे. प्रत्येक वेळी कोरडा, स्वच्छ चमचा वापरावा. पावाला लावलेला चमचा पुन्हा बाटलीत घालू नये. बाटलीवर तयार केल्याची तारीख लिहावी. अधिक काळ ठेवावयाचे असल्यास लहान डब्यांत भरून बर्फाच्या कप्प्यात गोठवावे. गोठवलेले कर्ड काही महिने चांगले राहते. वापरण्यापूर्वी ते फ्रिजच्या खालच्या कप्प्यात ठेवून सावकाश वितळू द्यावे आणि वितळलेले पुन्हा गोठवू नये.

वीज गेल्यास फ्रिजचे दार उघडू नये. दार बंद राहिल्यास सुमारे चार तासांपर्यंत आतील थंडावा पुरतो. त्याहून अधिक काळ वीज गेली असेल, तर कर्डचा मोह सोडावा. उन्हाळ्यात फ्रिजबाहेर तासाभरापेक्षा अधिक काळ राहिलेले कर्ड खाऊ नये. लहान मुले, गर्भवती स्त्रिया आणि वृद्ध यांच्या बाबतीत तर हा नियम कसोशीने पाळावा. वास बरा आहे, चव बरी आहे, एवढ्यावरून पदार्थ निर्दोष ठरत नाही. विषबाधा करणारे जीवाणू पुष्कळदा वास किंवा चव बदलतच नाहीत.

विक्री करू इच्छिणाऱ्यांसाठी

बचत गटाच्या भगिनींनी कर्ड विकूच नये, असे नाही. आधी मागणी नोंदवावी, मागणीपुरतेच करावे आणि थंड पेटीतून त्याच दिवशी पोहोचते करावे, अशा पद्धतीने शहरातील बेकऱ्यांना अथवा ओळखीच्या ग्राहकांना ते पुरविता येईल. यात्रेत, आठवडी बाजारात किंवा प्रदर्शनाच्या मंडपात दिवसभर उघड्यावर मांडण्याचा हा पदार्थ नव्हे. किंमत ठरवताना अंडी, लोणी, बाटल्या, इंधन आणि स्वतःची मजुरी यांबरोबरच, मुदत संपल्यामुळे टाकून द्याव्या लागणाऱ्या बाटल्यांचाही खर्च धरावा. तो न धरल्यास जुना माल खपवण्याचा मोह होतो, आणि एका खराब बाटलीने गटाने वर्षभरात मिळवलेला विश्वास नाहीसा होतो.

अन्नपदार्थांच्या विक्रीस कायद्याचेही बंधन आहे. पूर्वी फळांपासून केलेल्या पदार्थांना १९५५ चा फळ उत्पादन आदेश लागू असे. त्याची जागा आता २००६ च्या अन्न सुरक्षा व मानके कायद्याने घेतली आहे. त्यानुसार घरगुती प्रमाणावर विक्री करणाऱ्यांनीही नोंदणी करून घेणे आवश्यक आहे. बाटलीवर घटक पदार्थ, निव्वळ वजन, तयार केल्याची तारीख आणि वापरण्याची मुदत छापली पाहिजे.

येथे एक मुद्दा आवर्जून सांगितला पाहिजे. कर्डमध्ये अंडी असतात, हे रंगावरून किंवा चवीवरून ओळखू येत नाही. आपल्या राज्यात अंडी न खाणारी असंख्य कुटुंबे आहेत. अनेक घरांत चातुर्मासात अथवा ठरावीक वारी ती वर्ज्य असतात. आणि काही व्यक्तींना अंड्याची ॲलर्जीही असते. कायद्याच्या दृष्टीने अंडी असलेला पदार्थ मांसाहारी गटात मोडतो. म्हणून त्यावर तपकिरी चौकोनातील तपकिरी त्रिकोणाचे चिन्ह असावे लागते. ते टाळून ‘लिंबाचा गोड पदार्थ’ एवढेच सांगून विक्री करणे ही ग्राहकाची फसवणूक होय.

अंडी न खाणाऱ्यांना याच धर्तीचा वेगळा पदार्थ करता येईल. २०० मिलीलिटर पाण्यात तीन मोठे चमचे कॉर्नफ्लॉवर आणि १५० ग्रॅम साखर कालवून, सतत ढवळत ते चांगले दाट व पारदर्शक होईपर्यंत शिजवावे. विस्तवावरून उतरवल्यावर ५० ग्रॅम लोणी आणि शेवटी १०० मिलीलिटर लिंबाचा रस व किंचित साल घालावी. रस आरंभीच घालून शिजवल्यास आम्लामुळे पिठाचा दाटपणा मोडतो आणि मिश्रण पातळ होते. हा पदार्थही नाशवंतच आहे. तो फ्रिजमध्ये ठेवून चार-पाच दिवसांत संपवावा.

फळांचा योग्य विनियोग

बागेत किंवा बाजारात लिंबू-संत्र्यांचा सुकाळ असेल, तेव्हा त्यांचा विनियोग कोणत्या क्रमाने करावा, हे आता सहज ठरवता येईल. पुष्कळ फळे टिकवावयाची असतील, तर लिंबाचे लोणचे, संत्र्याचे मार्मालेड आणि दोन्हींचे स्क्वॅश यांना पहिला मान द्यावा. स्क्वॅशमध्ये किमान २५ टक्के रस आणि ४० टक्के विद्राव्य घन पदार्थ असावेत, असे प्रमाण रूढ आहे. त्यात परिरक्षक म्हणून पोटॅशियम मेटाबायसल्फाइट घालावयाचे झाल्यास ते तयार स्क्वॅशच्या लिटरमागे ०.६ ग्रॅमहून अधिक नसावे आणि वजन करूनच घालावे. लिंबाचा नुसता रस बर्फाच्या साच्यांत गोठवून ठेवला, तर पावसाळ्यातील स्वस्त लिंबे पुढे महागाईच्या दिवसांत उपयोगी पडतात, आणि त्या रसाचे कर्डही हवे तेव्हा थोडे थोडे करता येते.

या विषयाचे शास्त्रोक्त शिक्षण घेऊ इच्छिणाऱ्यांनी आपल्या जिल्ह्यातील कृषी विज्ञान केंद्राकडे अथवा कृषी विद्यापीठाकडे चौकशी करावी. म्हैसूर येथे १९५० साली स्थापन झालेली केंद्रीय अन्न तंत्रज्ञान संशोधन संस्था आणि नागपूरची केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्था या दोन्ही संस्थांनी फळांच्या साठवणीवर व प्रक्रियेवर मोलाचे काम केले आहे.

घरी सणवार असेल, मुलांचा वाढदिवस असेल, पाहुणे येणार असतील, अशा वेळी चार दिवस आधी लिंबाचे अथवा संत्र्याचे कर्ड अवश्य करावे. एक लहान बाटली भरावी, तिच्यावर तारीख घालावी, ती फ्रिजमध्ये ठेवावी आणि आठवड्याभरात सर्वांनी मिळून संपवावी. पुन्हा हवेसे वाटले, तर पुन्हा करावे; पाव तासाचेच तर ते काम आहे.